रोजंदारी कामगार आणि सेवासमाप्ती : कायद्याने दिलेले हक्क

(संस्थेच्या वार्षिक मेळाव्यात सभासद व विद्यार्थी यांच्यापुढे दिलेले व्याख्यान)



'कायदा आणि आपला समाज' या विषयावर मी बोलावे असे संस्थेने सुचविले होते. विषय फार मोठा आहे. तेव्हा आपल्या घराघरांत ज्याची झळ पोचते अशा एकाच प्रश्नावर बोलायचे मी ठरविले. सरकारी खात्यात, नगरपालिकेत, जिल्हा परिषदेत किंवा रुग्णालयात रोजंदारीवर राबणाऱ्या माणसाला एके दिवशी "उद्यापासून येऊ नकोस" असे सांगितले, तर कायद्याने त्याच्या हाती काय उरते, हा तो प्रश्न आहे.

बाबासाहेबांच्या कृपेने आपली मुले-मुली कायम नोकरीत गेली, अधिकारी झाली, याचा आपल्याला सार्थ अभिमान आहे. परंतु त्याच कचेरीत साहेबांची खोली झाडणारी बाई, बागेला पाणी घालणारा माळी, रात्रीचा चौकीदार हे पुष्कळ ठिकाणी आपल्याच वस्तीतले असतात आणि रोजंदारीवर असतात. त्यांचे नाव कोणत्याही सेवाज्येष्ठता यादीत नसते. म्हणून हा विषय.

प्रथम एक प्रसंग सांगतो. पुष्कळ वर्षांपूर्वी एका तालुक्याच्या गावाहून एक बाई माझ्याकडे आल्या. नाव-गाव सांगत नाही. तिथल्या सरकारी विश्रामगृहात त्या अकरा वर्षे झाडलोट करीत, चादरी धूत, रात्री-अपरात्री पाहुणे आले की चहा करून देत. एका शनिवारी मजुरीचे पैसे हातावर ठेवताना कारकून म्हणाला, "मावशी, सोमवारपासून येऊ नका. वरून आदेश आहे." आदेश दाखवा म्हटले तर आदेश नाही. पत्र द्या म्हटले तर पत्र नाही. दुसऱ्याच आठवड्यात त्यांच्या जागी दुसरी बाई कामाला लागली. मावशींनी मला विचारले, "साहेब, अकरा वर्षांत मी विनाकारण एक खाडा केला नाही. मला असं काढता येतं का?"

त्यांच्याजवळ कागद म्हणून काही नव्हते. मस्टरवर तीन महिने त्यांचे नाव, पुढचा महिना त्यांच्या जावेचे नाव, पुन्हा त्यांचे, असा प्रकार चाले. काम मात्र बाराही महिने यांचेच. एकच वस्तू त्यांनी पिशवीतून काढली. मजुरीच्या दिवशी हिशोबात नेहमी दोन-तीन दिवस कमी भरत, म्हणून त्यांचा मुलगा सातवीत असल्यापासून आई कामाला गेली की शाळेच्या वहीत तारखेपुढे खूण करीत असे. ती वही. तिच्याकडे मी पुन्हा येईन.

मित्रहो, अशा प्रसंगी आपले लोक दोन वेगवेगळ्या प्रश्नांची गल्लत करतात आणि तिथेच अर्धा खटला हरतात. पहिला प्रश्न : "मला कायम करा." दुसरा प्रश्न : "मला बेकायदा काढले." हे दोन प्रश्न निराळे, त्यांची उत्तरे निराळी आणि पुष्कळदा त्यांचे कायदेही निराळे आहेत.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर कडू आहे, ते आधी ऐका. १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने कर्नाटकातील प्रकरणात निकाल दिला. 'उमादेवी निकाल' म्हणून तो ओळखला जातो. सार असे की, सरकारी नोकरी ही संविधानाच्या कलम १४ व १६ प्रमाणे जाहिरात देऊन, सर्वांना समान संधी देऊन भरावयाची असते. केवळ अनेक वर्षे रोजंदारीवर काम केले म्हणून कोणाला कायम होण्याचा हक्क मिळत नाही. हा विचार आपण एकदम झिडकारू नये. कलम १६ मध्येच आपले आरक्षण आहे. मागच्या दाराने भरती चालू झाली तर साहेबांचा भाचा आत जातो आणि आपला पदवीधर मुलगा बाहेर राहतो, हे आपणांस ठाऊक आहे.

पण त्याच निकालात एक अपवादही होता. मंजूर पदावर, पात्रता असलेल्या, न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे किंवा अधिक काम केलेल्या आणि ज्यांची नेमणूक बेकायदा नसून केवळ अनियमित आहे अशांना एकवेळची बाब म्हणून कायम करण्याचा विचार व्हावा, असे न्यायालयाने सांगितले. कार्यालयांनी निकालाचा पहिला भाग पाठ केला आणि हा भाग सोडून दिला.

आता दुसरा प्रश्न. कायम होण्याचा हक्क नाही, म्हणजे कसेही काढण्याची मुभा आहे, असे मुळीच नाही. औद्योगिक विवाद कायदा १९४७ चा. त्यात १९५३ साली कामगार कपातीचे प्रकरण घालण्यात आले. त्याचे कलम २५-फ असे होते की, एक वर्ष सलग सेवा झालेल्या कामगाराला कमी करायचे असेल तर एक महिन्याची लेखी, कारणासहित नोटीस द्यावी किंवा त्याऐवजी एक महिन्याचा पगार द्यावा; सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षाला पंधरा दिवसांच्या सरासरी पगाराइतकी भरपाई द्यावी; आणि सरकारला कळवावे. हे कलम फक्त कायम कामगारांसाठी आहे असे त्यात कुठेही नव्हते. रोजंदारी, हंगामी, तात्पुरता असा भेद त्यात नव्हता. तो भेद कारकुनाच्या तोंडी होता.

आणि हे आपल्या मुंबईतच ठरले. जे. जे. रुग्णालयातील दोन वॉर्ड नोकर स्त्रियांना कामावरून कमी केले आणि त्यांच्या जागी दुसऱ्या खात्यातून कमी झालेली माणसे घेतली. भरपाई दिली नाही. सरकारचे म्हणणे, रुग्णालय म्हणजे काही कारखाना नव्हे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १९६० साली न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी निकाल दिला की असे रुग्णालय हाही 'उद्योग' आहे, आणि भरपाई देणे ही काढण्यापूर्वीची अट आहे. ती पाळली नाही तर काढणेच अवैध. काढून टाकायचे आणि मग सवडीने पैसे द्यायचे, असे चालत नाही. पुढे १९७८ मध्ये बंगलोर पाणीपुरवठा प्रकरणात सात न्यायाधीशांनी 'उद्योग' या शब्दाचा अर्थ आणखी विस्तृत केला. नफा मिळवणे आवश्यक नाही, पालिका असो वा मंडळ, संघटितपणे सेवा पुरविली की तो उद्योग. पोलिस, न्यायदान अशी राज्याची सार्वभौम कामे तेवढी बाहेर.

'एक वर्ष सलग सेवा' म्हणजे काय? तीनशे पासष्ट दिवस नव्हे. काढल्याच्या तारखेपासून मागे बारा महिन्यांत २४० दिवस काम. साप्ताहिक सुट्टी आणि पगारी सुट्ट्यादेखील त्यात मोजायच्या, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये सांगितले. कामगाराचा दोष नसताना काम बंद राहिले, आजारपण आले, मंजूर रजा घेतली, तरी सेवा तुटत नाही. साहेबांनी दर तीन महिन्यांनी दोन दिवसांचा 'खंड' दाखवला म्हणून घाबरू नका. मात्र ज्या मुदतीसाठी नेमले ती मुदत लेखी करारात स्पष्ट असेल आणि ती संपून करार पुढे चालू ठेवला नाही, तर ती कपात धरली जात नाही, ही अट १९८४ च्या दुरुस्तीने आली. म्हणून कोऱ्या किंवा इंग्रजी कागदावर अंगठा देण्यापूर्वी तो कागद कोणाकडून तरी वाचून घ्या.

आणखी दोन हक्क. एक, 'शेवटी आला तो आधी जाईल.' त्याच प्रकारच्या कामातील कनिष्ठाला ठेवून ज्येष्ठाला काढायचे असेल तर कारण नोंदवावे लागते. दुसरा, पुन्हा भरती करताना काढलेल्याला आधी बोलावले पाहिजे. मावशींच्या जागी आठ दिवसांत दुसरी बाई आली, हे केवळ अन्यायाचे नव्हते, बेकायदाही होते.

महाराष्ट्रात आणखी एक शस्त्र होते. १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायद्याने असे ठरविले की, कायमपणाचे लाभ मिळू नयेत या हेतूने माणसाला वर्षानुवर्षे बदली, हंगामी किंवा तात्पुरता ठेवणे हीच अनुचित प्रथा. वन खात्याच्या वनीकरणाच्या कामावर पाच-सहा वर्षे राबलेल्या मजुरांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९५ मध्ये हे तत्त्व उचलून धरले. उमादेवी निकालानंतर सगळे म्हणू लागले की आता हे तत्त्व संपले. तेव्हा एस.टी.च्या गाड्या झाडणाऱ्या-धुणाऱ्या सफाई कामगारांचा खटला चालू होता. तो लढविणारी संघटना होती कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना, म्हणजे आपल्याच लोकांची. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की, उमादेवी निकालाने औद्योगिक न्यायालयाचे अधिकार काढून घेतलेले नाहीत. अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि पदे असली तर ते कायम करण्याचा आदेश देऊ शकते. आज देशभर वकील हा निकाल दाखवितात. बस धुणाऱ्या माणसांनी तो मिळविला आहे, हे विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावे. मुंबई महापालिकेच्या कचरा वाहतुकीवरील २,७०० कंत्राटी कामगारांना २०१७ साली कायमपणा मिळाला तोही असाच दीर्घ लढ्यानंतर. कंत्राट केवळ कागदावर होते, खरा मालक महापालिकाच होती.

अलीकडचे दोन निकालही सांगतो. केंद्रीय जल आयोगाच्या फरिदाबाद येथील कार्यालयात सफाईचे व बागेचे काम करणाऱ्यांनी कायम करण्याची मागणी केली. न्यायाधिकरणाने ती फेटाळली आणि पाठोपाठ २७ ऑक्टोबर २०१८ रोजी विनानोटीस त्यांना काढून टाकले. कित्येकांची सेवा दहा वर्षांहून अधिक, काहींची वीस वर्षांच्या पुढे. २० डिसेंबर २०२४ रोजी न्यायमूर्ती विक्रम नाथ व न्यायमूर्ती प्रसन्न वराळे यांच्या पीठाने, 'जग्गो' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या निकालात, त्यांना परत घेऊन नियमित करण्याचा आदेश दिला. कायमस्वरूपी काम तात्पुरत्या माणसाकडून करून घ्यायचे आणि वर उमादेवी निकालाची ढाल पुढे करायची, हे न्यायालयाने मान्य केले नाही. ३१ जानेवारी २०२५ रोजी याच पीठाने गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांना न्याय दिला. १९९८ च्या सुमारास कामाला लागलेले हे लोक २००५ मध्ये, समेटाची कार्यवाही चालू असताना, नोटीस व भरपाई न देता काढले गेले होते. त्यांना पुन्हा कामावर घेण्याचा व मागील पगाराचा निम्मा भाग देण्याचा आदेश झाला. पण हिशोब करा, २००५ ते २०२५. वीस वर्षे.

म्हणून खोटी आशा मी दाखविणार नाही. बेकायदा काढले हे सिद्ध झाले तरी रोजंदारी कामगाराला परत कामावर घेतलेच जाईल असे नाही. २००९ पासूनच्या अनेक निकालांत न्यायालयांनी म्हटले आहे की, दोष केवळ नोटीस व भरपाई न दिल्याचा असेल तर एकरकमी भरपाई पुरेशी ठरू शकते. कनिष्ठांना ठेवले असेल किंवा अनुचित प्रथा असेल तर गोष्ट निराळी. सेवा किती वर्षांची, मागणी किती उशिरा केली, हेही पाहिले जाते.

आता मावशींचे सांगतो. २४० दिवस भरले हे सिद्ध करण्याची पहिली जबाबदारी कामगाराची, हे न्यायालयांनी स्पष्ट केले आहे. पण कामगाराने शपथेवर सांगावे आणि खात्याचे मस्टर मागवावे, हा मार्गही न्यायालयांनीच मान्य केला आहे. शाळेची वही हा काही सरकारी दस्तऐवज नव्हे. परंतु वहीतल्या तारखांवरून आम्ही मस्टर, व्हाउचर आणि विश्रामगृहाचे रजिस्टर मागविले. काही हजर झाले, काही 'सापडत नाही' झाले. जे आले ते वहीशी तारीखवार जुळले. जावेने साक्ष दिली की, त्या महिन्यांत मी कामाला गेलेच नाही. काढणे बेकायदा ठरले. पण वरच्या न्यायालयात पुनर्नियुक्तीऐवजी एकरकमी भरपाई झाली, आणि त्याचे एक कारण होते विलंब. काढल्यावर मावशी अडीच वर्षे या साहेबांकडून त्या साहेबांकडे विनवण्या करीत फिरत होत्या. पैसे हाती आल्यावर त्या म्हणाल्या, "पैसे आले, पण काम गेलं ते गेलंच. तेव्हाच आले असते तर?" या प्रश्नाला माझ्याजवळ उत्तर नव्हते. आजचे व्याख्यान हेच काय ते उत्तर.

कायद्यात आता बदल झाला आहे, तो नीट समजून घ्या. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता, २०२० अमलात आली आणि १९४७ चा कायदा रद्द झाला. २४० दिवस, एक महिन्याची नोटीस, वर्षाला पंधरा दिवसांची भरपाई, शेवटी आलेल्याला आधी काढणे ही तत्त्वे संहितेत कायम आहेत; कलम ७० आणि पुढची कलमे पाहावीत. वर्षानुवर्षे तात्पुरता ठेवणे ही अनुचित प्रथाही तिच्या दुसऱ्या अनुसूचीत आहे. कमी केलेल्या कामगाराच्या खात्यात पुनर्कौशल्य निधीतून पंधरा दिवसांचे वेतन ४५ दिवसांत जमा व्हावयाचे आहे. पण काही बाबतींत दोर आखडला आहे. पुन्हा भरतीत प्राधान्य आता एक वर्षापुरतेच. समेट अधिकाऱ्याकडे जाण्याची मुदत दोन वर्षे. मावशींसारखी अडीच वर्षे घालविली तर हे दार बंद. तेथे समेट झाला नाही तर त्याचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत औद्योगिक न्यायाधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. ज्यांना २१ नोव्हेंबर २०२५ पूर्वी काढले त्यांनी आपल्या प्रकरणाला कोणती मुदत लागू पडते हे वकिलाला आजच विचारावे.

भरपाईचा हिशोब सोपा आहे. समजा रोज ५०० रुपये आणि सेवा सात वर्षे सात महिने. सहा महिन्यांहून अधिक उरले म्हणून आठ वर्षे धरायची. १५ गुणिले ५०० गुणिले ८, म्हणजे ६०,००० रुपये. नोटिशीचा पगार वेगळा. पाच वर्षे सलग सेवा झाली असेल तर ग्रॅच्युइटी वेगळी. साहेबांनी दहा हजार हातावर ठेवून 'सर्व मिळाले' अशा कागदावर सही मागितली, तर हा हिशोब आठवा.

आता करायचे काय? काम चालू असतानाच पुरावा जपा. हजेरीची स्वतःची वही ठेवा. कोणते काम केले, कोणी सांगितले तेही लिहा. बँकेचे पासबुक, भविष्यनिर्वाह निधीचा क्रमांक, गेटपास, ओळखपत्र, एखादे लेखी फर्मान, काही फेकू नका. माहितीचा अधिकार २००५ पासून आहे; मस्टरच्या प्रती मागा, आणि काढून टाकण्यापूर्वीच मागा. काढले तर दुसऱ्याच दिवशी कामावर हजर व्हा, आत घेतले नाही तर त्याच दिवशी स्पीड पोस्टाने अर्ज पाठवा : मी अमुक तारखेपासून कामाला आहे, मला तोंडी काढले, मी काम करण्यास तयार आहे. त्याची पोच जपा. नाही तर कचेरी पुढे म्हणते, "आम्ही काढलेच नाही, हाच यायचा बंद झाला." त्यानंतर कामगार आयुक्तांच्या कार्यालयात जा. शक्यतो एकट्याने नव्हे, संघटनेमार्फत जा.

वकिलाला पैसे नाहीत, ही अडचण खरी आहे. पण १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, स्त्रिया आणि औद्योगिक कामगार यांना मोफत कायदेशीर साहाय्याचा हक्क आहे. धर्मांतर केले म्हणून आपण या हक्कातून बाहेर पडत नाही; १९९० पासून बौद्धांना अनुसूचित जातींच्या आदेशात समाविष्ट केलेले आहे. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते. तिथे जाणे म्हणजे भीक मागणे नव्हे.

विद्यार्थी मित्रहो, शेवटची विनंती तुम्हाला आहे. बाबासाहेब १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री होते. कामगाराचा प्रश्न त्यांनी दयेचा नव्हे, हक्काचा मानला. भगवंतांनी सांगितलेल्या अष्टांगिक मार्गात सम्यक आजीविका आहे. आपली उपजीविका प्रामाणिक असावी हा तिचा अर्थ तर आहेच. पण प्रामाणिक उपजीविका करणाऱ्याची भाकरी कोणी एका शब्दात हिरावून घेऊ नये, हे पाहणेही धम्माचेच काम आहे असे मी मानतो.

दर रविवारी वंदनेनंतर विहारात अर्धा तास एक टेबल मांडा. वस्तीतल्या प्रत्येक रोजंदारी कामगाराची वही लिहून द्या, अर्ज लिहून द्या, मुदतीची तारीख लाल शाईने मांडून ठेवा. यासाठी वकिलीची पदवी लागत नाही. मावशींच्या मुलाने सातवीत हेच केले होते. उणीव एवढीच राहिली की त्यांना वेळेवर योग्य दारी नेणारा कोणी भेटला नाही. तो माणूस आपल्या वस्तीत तुम्ही व्हा.



जयभीम! नमो बुद्धाय!